सायबर हेरगिरीत संस्थेचं नक्की काय जातं?

कवडसा

मंडळी, प्रश्न जुनाच आहे, पण या वेळी मला त्याचं उत्तर खरंच हवं आहे.

मी एका मध्यम आकाराच्या उत्पादन कंपनीत माहिती सुरक्षेचं काम बघते. पुढच्या वर्षाचं बजेट ठरायचं आहे. मागच्या बैठकीत एका संचालकांनी विचारलं, "रॅन्समवेअर (फायली अडकवून खंडणी मागणारं सॉफ्टवेअर) आलं तर कारखाना बंद पडतो, हे कळतं. बॅकअपसाठी मागितले तेवढे पैसे दिले. पण कोणी नुसतं आत शिरून फायली वाचून गेलं, तर आपलं जातं काय? फायली तर जागच्या जागीच राहतात." त्यांच्या बोलण्यात कुत्सितपणा नव्हता. प्रश्न रास्त आहे आणि एका वाक्यात उडवून लावण्यासारखा नाही.

माझं मत आधीच सांगते, म्हणजे खोडायला सोपं जाईल. हेरगिरीचं नुकसान रॅन्समवेअरपेक्षा कमी नसतं, पण त्याचं बिल येत नाही. हातात आलेलं टेंडर जातं. वाटाघाटीत समोरचा नेमका आपल्या शेवटच्या आकड्यावर अडून बसतो. वर्षानुवर्षं खपून केलेलं डिझाइन दुसऱ्याच्या मालात दिसतं. आणि हे सगळं हेरगिरीमुळेच झालं, हे दाखवायला हातात काही नसतं.

तर दोन गोष्टी विचारायच्या आहेत. याची व्याप्ती खरोखर किती आहे? आणि संस्थांवर काय परिणाम झाला, याची नावासालासकट उदाहरणं कोणती? सुरक्षा उत्पादनं विकणाऱ्यांची माहितीपत्रकं कृपया नकोत, ती माझ्याकडे ढीगभर आहेत.

शिलेदार

चांगला धागा. वाचतोय.

चौकस

कवडसाताई, व्याप्तीच्या आकड्यांबद्दल मी पहिल्यापासून साशंक आहे.

२०१३ मध्ये मॅकॅफी ही सुरक्षा सॉफ्टवेअर कंपनी आणि सीएसआयएस ही अमेरिकेतली अभ्यास संस्था यांचा एक अहवाल आला होता. सायबर गुन्हे आणि हेरगिरी मिळून जगाचं वर्षाला ३०० अब्ज ते १ लाख कोटी डॉलर नुकसान होत असावं, असा त्यात अंदाज होता. तिप्पट-चौपट फरकाचा आकडा संचालकांपुढे ठेवला, तर ते तो ऐकूनही घेणार नाहीत. अमेरिकेतल्या बौद्धिक संपदेवरच्या आयोगाने २०१७ मध्ये वर्षाला २२५ ते ६०० अब्ज डॉलर असा अंदाज दिला. तो तर नुसत्या सायबर चोरीचाही नव्हता. बनावट माल, चोरटं सॉफ्टवेअर आणि व्यापारी गुपितं अशी सगळी भर त्यात होती.

शिवाय चोरलेलं सगळं वापरता येतं असं नाही. ड्रॉइंग मिळालं म्हणून भाग बनत नाही. त्यामागचे कारागीर, यंत्रं, चाचण्या कुठून आणणार? त्यामुळे "अमुक जीबी डेटा गेला म्हणजे अमुक कोटी गेले" हे गणित मला पटत नाही.

कवडसा

चौकस, म्हणूनच एकूण जगाचा आकडा मला नको आहे. एका संस्थेचं काय झालं ते हवं आहे.

रानवारा

मग अमेरिकन सुपरकंडक्टर या कंपनीचं उदाहरण घ्या. पवनचक्क्यांचं नियंत्रण करणारं सॉफ्टवेअर ती बनवायची. चीनमधली सिनोव्हेल ही तिची सर्वांत मोठी ग्राहक. २०११ मध्ये सिनोव्हेलने अचानक माल घेणं बंद केलं. ठरलेले पैसेही थांबवले, थकबाकी १० कोटी डॉलरच्या वर होती. सॉफ्टवेअर तोवर सिनोव्हेलच्या हाती लागलेलं होतं, मग विकत कशाला घ्यायचं? कंपनीच्या ऑस्ट्रियातल्या कार्यालयातल्या एका इंजिनिअरला फोडून मूळ कोड काढून घेतला होता.

२०१८ मध्ये अमेरिकेतल्या न्यायालयात सिनोव्हेल दोषी ठरली. सरकारी पक्षाने मांडलेले परिणाम असे: भागधारकांचं १ अब्ज डॉलरहून अधिक नुकसान आणि जवळजवळ ७०० नोकऱ्या, म्हणजे निम्म्याहून जास्त मनुष्यबळ. सिनोव्हेलला दंड झाला १५ लाख डॉलर, आणि नुकसानभरपाईपोटी ५ कोटी ७५ लाख डॉलरची तडजोड झाली. जे गेलं आणि जे परत मिळालं ते शेजारी शेजारी लिहून संचालकांना दाखवा.

फायली इथेही जागच्या जागीच होत्या.

चौकस

रानवारा, उदाहरण जबरदस्त आहे, पण ही फितुरी झाली. माणूस आतला होता. याला सायबर हेरगिरी कशी म्हणायची?

रानवारा

ती रेषा कागदावर ठीक आहे. प्रत्यक्षात दोन्ही वाटा एकाच वेळी चालतात.

शू यानजुन या चिनी गुप्तचर अधिकाऱ्याचा खटला बघा. जीई एव्हिएशन ही विमानांची इंजिनं बनवणारी अमेरिकन कंपनी. तिच्या इंजिनांच्या पंख्याची कॉम्पोझिटची (धातूऐवजी मिश्र पदार्थाची) पाती बाकी कोणाला जमत नव्हती. २०१७ मध्ये तिथल्या एका इंजिनिअरला नानजिंगच्या विद्यापीठात व्याख्यानाचं आमंत्रण गेलं. प्रवासखर्च, मानधन, सगळं रीतसर. त्यानंतर हळूच मागणी आली, की कंपनीच्या लॅपटॉपवर कोणत्या फायली आहेत त्यांची नुसती यादी पाठवा. फायली नकोत, नुसती यादी! तोवर एफबीआयला सुगावा लागला होता. शूला २०१८ मध्ये बेल्जियममध्ये अटक झाली आणि २०२२ मध्ये २० वर्षांची शिक्षा.

यादी मागणाऱ्याला पुढे काय करायचं ते पक्कं माहीत असतं. त्या माणसाशी गोड बोलणारा आणि तिकडे फिशिंगची, म्हणजे फसवून पासवर्ड काढून घेणारी, मेल पाठवणारा एकाच खात्यातले असू शकतात.

निळीशाई

+१. आमच्याकडेही परिषदेच्या आमंत्रणांमधूनच चौकशा सुरू व्हायच्या. त्याबद्दल नंतर सविस्तर लिहिते.

टेहळणी

शुद्ध सायबर हेरगिरीचीच उदाहरणं हवी असतील तर जरा विस्ताराने लिहितो. याच क्षेत्रात काम करतो, पण खाली लिहिलेलं सगळं उघडपणे उपलब्ध आहे.

व्याप्तीचा सगळ्यात पक्का पुरावा मला मॅंडियंट या सायबर सुरक्षा कंपनीच्या फेब्रुवारी २०१३ च्या अहवालात वाटतो. शांघायमधल्या चिनी लष्कराच्या ६१३९८ क्रमांकाच्या तुकडीबद्दलचा तो अहवाल. २००६ पासून या एकाच गटाने २० उद्योगांतल्या १४१ संस्थांमधून माहिती उचलली होती. एका संस्थेत ते सरासरी ३५६ दिवस राहिले. सर्वांत लांबचा मुक्काम १,७६४ दिवसांचा, म्हणजे ४ वर्षं आणि १० महिने. एका संस्थेतून १० महिन्यांत ६.५ टेराबाइट डेटा गेला. हे अंदाज नाहीत, मोजलेल्या गोष्टी आहेत. आणि हा एक गट, एका कंपनीला दिसलेला.

पुढच्याच वर्षी, मे २०१४ मध्ये, अमेरिकेने त्या तुकडीतल्या ५ अधिकाऱ्यांवर आरोपपत्र ठेवलं. माझ्या मते कवडसाताईंच्या संचालकांचं उत्तर त्याच आरोपपत्रात आहे. वेस्टिंगहाउस एका चिनी सरकारी कंपनीसाठी अणुभट्ट्या बांधत होती. तिच्याकडून पाइपांचे तपशील आणि आराखडे चोरले. हे तंत्रज्ञान झालं. सोलरवर्ल्डकडून मात्र वेगळंच उचललं. ही कंपनी चिनी सौर पॅनेल उत्पादकांविरुद्ध डंपिंगचा, म्हणजे माल अवाजवी स्वस्तात बाजारात ओतल्याचा, दावा लढत होती. तिचा उत्पादन खर्च, हातात रोकड किती आहे, आणि वकिलांबरोबरचा पत्रव्यवहार, असं सगळं गेलं. चौकस म्हणतात तशी यंत्रं आणि कारागीर इथे लागतच नाहीत. समोरचा किती महिने तग धरू शकेल आणि न्यायालयात काय मांडणार आहे हे कळलं, की ते त्याच दिवशी वापरता येतं.

तंत्रज्ञान चोरीला जाण्याची भीती सगळ्यांना असते. किमतीचा तक्ता जाण्याची भीती कोणाला वाटत नाही, आणि तो तर एका साध्या स्प्रेडशीटमध्ये पडलेला असतो.

चौकस

टेहळणी, हा मुद्दा मान्य. दरपत्रक आणि वकिलाचा सल्ला, याला यंत्र लागत नाही. माझं आधीचं वाक्य डिझाइनपुरतं ठेवतो.

धूमकेतू

नॉर्टेल कोणीच काढलं नाही अजून? कॅनडाची एवढी मोठी दूरसंचार कंपनी बुडवली हॅकरांनी.

टेहळणी

धूमकेतू, नॉर्टेल मी मुद्दाम बाजूला ठेवलं होतं, कारण ते उदाहरण फार घाईने वापरलं जातं. घडलं ते असं. घुसखोर २००० सालापासून आत होते. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यासह ७ वरिष्ठांचे पासवर्ड त्यांच्या हाती होते. तांत्रिक कागद, संशोधनाचे अहवाल, व्यवसायाच्या योजना, कर्मचाऱ्यांच्या मेल, सगळं ते उतरवून घेत होते. २००४ मध्ये हे लक्षात आलं, पासवर्ड बदलले गेले, आणि तरीही वावर २००९ पर्यंत चालूच राहिला. ब्रायन शील्ड्स या तिथल्या सुरक्षा तज्ज्ञाने पुढे हे जाहीरपणे सांगितलं. जानेवारी २००९ मध्ये कंपनीने दिवाळखोरी जाहीर केली.

पण नॉर्टेलमध्ये हिशेबांचा घोटाळाही झाला होता, आणि डॉट-कॉमचा फुगा फुटल्यावर अख्खा धंदाच आटला होता. हेरगिरीमुळे किती आणि बाकीच्या कारणांमुळे किती, हे आज कोणीही छातीठोकपणे सांगू शकत नाही. शील्ड्स यांचं मत हेरगिरीचा वाटा मोठा होता असं आहे, ते मत म्हणूनच घ्यावं.

मला त्यातलं दुसरंच काही जास्त गंभीर वाटतं. दिवाळखोरीनंतर कंपनीचे विभाग तुकड्या-तुकड्यांनी विकले गेले, आणि २०१२ मधल्या बातमीनुसार खरेदीदारांना या घुसखोरीची कल्पना दिलेली नव्हती. म्हणजे संगणकांबरोबर बिनबोलावलेला पाहुणाही विकला गेला असेल.

अक्षरवेल

विषय कंपन्यांचा आहे, पण मला छोट्या आणि बिगर-व्यापारी संस्थांबद्दल लिहायचं आहे. त्यांचं नुकसान डॉलरमध्ये मोजताच येत नाही.

मार्च २००९ मध्ये टोरंटो विद्यापीठातल्या संशोधकांनी 'घोस्टनेट' नावाचं जाळं उघड केलं. १०३ देशांतले १,२९५ संगणक त्यात अडकले होते. परराष्ट्र मंत्रालयं, दूतावास, आणि धरमशाळेतलं दलाई लामांचं कार्यालय. संशोधक त्या कार्यालयातल्या संगणकावर नजर ठेवून असताना त्यांच्या डोळ्यांदेखत कागदपत्रं बाहेर जात होती. त्यात वाटाघाटींमध्ये काय भूमिका घ्यायची, त्याचाही कागद होता.

त्या अहवालातली एक नोंद मी विसरू शकत नाही. तिबेटी तरुणांच्या ऑनलाइन संवाद प्रकल्पात काम करणारी एक मुलगी घरी परत जाताना सीमेवर पकडली गेली. तिने आपण शिकायला गेलो होतो असं सांगितलं. तेव्हा तिच्या इंटरनेटवरच्या संभाषणांच्या प्रती काढून तिच्यापुढे ठेवल्या.

ज्या संस्थेच्या संगणकात लोकांची नावं आहेत, तिच्यासाठी हेरगिरीचा परिणाम हा असा असतो. त्या संस्थेच्या ताळेबंदात तो कुठल्या रकान्यात लिहायचा?

शिलेदार

अंगावर काटा आला, अक्षरवेल.

धूमकेतू

बरोबर. अमेरिकेच्या ओपीएमचंही, म्हणजे सरकारी नोकरांच्या नोंदी ठेवणाऱ्या कार्यालयाचंही, तेच. २०१५ मध्ये सरकारी नोकर आणि उमेदवारांच्या २ कोटी १५ लाख नोंदी गेल्या, त्यात ५६ लाख लोकांच्या बोटांचे ठसे. पासवर्ड बदलता येतो, बोटं कशी बदलणार? पुढे आयुष्यभर त्यातल्या कोणी दुसऱ्या नावाने परदेशात काम करायचं म्हटलं तरी अवघड.

शिलेदार

आता एक गोष्ट बोलतो, राग मानू नका. आतापर्यंत सगळी उदाहरणं चीनचीच आली. अमेरिका आणि ब्रिटन काय करत होते? एनएसए ही अमेरिकेची गुप्तचर संस्था. तिचे गुप्त कागद फोडणाऱ्या स्नोडेनमुळे २०१३ मध्ये कळलं, की ब्राझीलची तेल कंपनी पेट्रोब्रास एनएसएच्या लक्ष्यांमध्ये होती. बेल्जियमच्या बेल्गाकॉम या दूरसंचार कंपनीत ब्रिटनची गुप्तचर संस्था जीसीएचक्यू शिरली होती. ह्वावे या चिनी दूरसंचार कंपनीच्या सर्व्हरमध्ये एनएसए गेली होती. सगळेच चोर, मग एकाकडेच बोट का?

रानवारा

शिलेदार, मुद्दा रास्त आहे. अमेरिकेचं म्हणणं असं, की आम्ही राष्ट्रीय सुरक्षेसाठी हेरगिरी करतो, आमच्या कंपन्यांना धंदा मिळावा म्हणून चोरी करत नाही. २०१५ मध्ये ओबामा आणि शी जिनपिंग यांच्यात याच भेदावर समझोता झाला, व्यापारी फायद्यासाठी सायबर चोरी करायची नाही असा. पण ज्याच्या सर्व्हरमध्ये कोणी शिरलंय, त्या कंपनीला या भेदाचा काही उपयोग नाही. बेल्गाकॉमला आपली यंत्रणा धुऊन काढावीच लागली.

चौकस

"सुरक्षेसाठी" आणि "धंद्यासाठी" हा फरक करणारा पण तोच, तपासणारा पण तोच. मला तरी यात फार दम दिसत नाही.

कवडसा

मंडळी, कोणता देश जास्त दोषी हे इथे ठरवायला बसलो तर धागा हजार प्रतिसादांवर जाईल. माझी बैठक त्याआधी आहे. :)

निळीशाई

परत आले. लिहायचं होतं ते लिहिते.

मी पूर्वी एका अभियांत्रिकी डिझाइनच्या संस्थेत होते. संस्थेचं नाव घेणार नाही. तिथे बाहेरच्या एका यंत्रणेकडून फोन आला, की तुमच्याकडून डेटा बाहेर जातोय. आमच्या कोणाच्याही लक्षात आलेलं नव्हतं. तपासणीसाठी बाहेरचे लोक आले आणि त्यांनी सर्व प्रकल्पांची यादी मागितली.

मग एक तक्ता तयार झाला. प्रत्येक प्रकल्पासमोर ३ रकाने: "गेलं", "गेलं नाही", "सांगता येत नाही". "गेलं" मध्ये थोड्याच नोंदी होत्या. "गेलं नाही" जवळजवळ रिकामा. बाकी सगळ्या खुणा तिसऱ्या रकान्यात, कारण जुने लॉग, म्हणजे कोणी कधी काय उघडलं याच्या नोंदी, पुसले गेले होते. ते सर्व्हर ठरावीक जागा भरली की जुन्यावरच नवीन लिहायचे. तो तक्ता भिंतीवर लावला होता आणि येता-जाता सगळे त्याच्यापुढे थांबायचे.

ग्राहकांना काय कळवायचं, यावरून वरिष्ठांमध्ये मोठे वाद झाले. "तुमचं डिझाइन गेलं" असं सांगता येत नव्हतं आणि "सुरक्षित आहे" असंही नाही. शेवटी खरं तेच कळवलं. एका मोठ्या ग्राहकाने पुढचं काम थांबवलं, आणि त्याचं बरोबरच होतं.

पण सगळ्यात जास्त झळ बसली ती माणसांना. ज्याच्या लॉगिनने ते आत आले होते, तो अत्यंत सचोटीचा मुलगा. त्याच्याकडे संशयाने बघणं थांबलंच नाही. तपासात तो निर्दोष ठरला, तरी जेवणाच्या टेबलावर लोक त्याच्यापासून दोन खुर्च्या सोडून बसायचे. त्याने नोकरी सोडली. शिवाय लोक मेलवर मोकळेपणाने लिहीनासे झाले. एखादी अर्धवट कल्पना मांडायची, तिच्यावर चार जणांनी लिहायचं, अशी आमच्या कामाची पद्धत होती, ती आटली. डिझाइनच्या कामात हे फार मोठं नुकसान आहे, आणि ते कोणत्याही अहवालात आलं नाही.

अक्षरवेल

निळीशाई, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. त्या मुलाबद्दल फार वाईट वाटलं.

चौकस

निळीशाईताई, "सांगता येत नाही" हा रकाना माझ्या डोक्यातून जात नाहीये. मी इतका वेळ आकडे अतिशयोक्त आहेत म्हणत होतो. पण आकडा काढता न येणं हेच संस्थेला महागात पडतं, हे आता दिसतंय. काय गेलं ते माहीत नाही म्हणून सगळंच गेलं असं धरून वागावं लागतं.

टेहळणी

चौकस, नेमकं बोललात. आरएसए या सुरक्षा कंपनीचं बघा. मार्च २०११ मध्ये तिथल्या काही कर्मचाऱ्यांना "२०११ ची भरती योजना" अशी एक्सेल फाइल मेलने आली. मेल स्पॅममध्येच गेली होती. एकाने ती तिथून बाहेर काढून उघडली. त्यातून घुसखोर सिक्युरआयडी या टोकनांच्या (लॉगिनसाठी बदलता आकडा दाखवणाऱ्या उपकरणांच्या) माहितीपर्यंत पोचले, आणि काही आठवड्यांत लॉकहीड मार्टिन या संरक्षण कंपनीवर हल्ल्याचा प्रयत्न झाला. ग्राहकांचा विश्वास टिकवायला टोकन बदलून देणं, देखरेख वाढवणं यात आरएसएची मालक कंपनी ईएमसीला ६ कोटी ६० लाख डॉलर खर्च आला. फायली त्यांच्याही जागेवरच होत्या.

धूमकेतू

स्पॅममधून शोधून काढून उघडली! मेल गाळणाऱ्या फिल्टरने आपलं काम चोख केलं होतं बिचाऱ्याने.

शिलेदार

मी मध्यंतरी वाचलं, की घुसखोर सापडायला लागणारा काळ आता खूप कमी झालाय. मग धोकाही कमी झाला म्हणायचा का?

टेहळणी

शिलेदार, तो आकडा मॅंडियंटच्याच वार्षिक अहवालातला. २०११ मध्ये मध्यक (निम्मी प्रकरणं ज्याच्या आत सापडतात तो आकडा) ४१६ दिवस होता, २०२३ मध्ये १० दिवसांवर आला. तपासाची साधनं सुधारली हे खरंच. पण त्यात रॅन्समवेअरचा मोठा वाटा आहे. रॅन्समवेअरवाला स्वतःच खंडणीची चिठ्ठी ठेवून "मी आलोय" असं सांगतो, त्यामुळे तो लवकर "सापडतो" आणि मध्यक खाली ओढतो. हेर चिठ्ठी ठेवत नाही.

सोलरविंड्स या अमेरिकन सॉफ्टवेअर कंपनीचं प्रकरण आठवा. त्यांच्या ओरायन या नेटवर्कवर देखरेख ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या अधिकृत अपडेटमध्येच घुसखोरांनी मागचं दार बसवलं होतं. ते आत गेल्यावर २ आठवड्यांपर्यंत काहीच करायचं नाही, नुसतं पडून राहायचं. सुमारे १८,००० ग्राहकांकडे ते अपडेट पोचलं. पण घुसखोरांनी त्यातून वेचून सुमारे १०० कंपन्या आणि अमेरिकन सरकारची ९ खाती निवडली. एवढी दारं उघडी असताना इतकी कमी निवडणं, याला मी शिस्त म्हणेन. पुढे अमेरिकेने रशियाच्या एसव्हीआर या परदेशी हेरगिरी करणाऱ्या संस्थेला जबाबदार धरलं.

आणि सापडलं कसं? फायरआय या सुरक्षा कंपनीत एका कर्मचाऱ्याच्या नावावर लॉगिनसाठी दुसरा फोन नोंदवला गेल्याचा इशारा आला. सुरक्षा विभागाने त्याला विचारलं, "हा फोन तुझा का?" तो म्हणाला नाही. डिसेंबर २०२० मध्ये जगापुढे आलेलं ते एवढं मोठं प्रकरण या एका प्रश्नातून सुरू झालं.

रानवारा

असे धागे नेहमी बारीकच असतात. १९८६ मध्ये बर्कलीच्या प्रयोगशाळेत संगणकवापराच्या हिशेबात ७५ सेंटचा फरक आला होता. क्लिफर्ड स्टॉल या खगोलशास्त्रज्ञाने तो सोडून न देता मागोवा घेतला, आणि पलीकडे निघाला केजीबीला माहिती विकणारा जर्मन हॅकर. ७५ सेंट कोणीही माफ केले असते.

धूमकेतू

आणि लॉग नसतील तर हे ७५ सेंटही दिसत नाहीत. २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टच्या क्लाउडवरच्या मेलबॉक्समध्ये घुसखोरी झाली, ती अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने पकडली. त्यांच्याकडे जादा पैसे मोजून मिळणारे सविस्तर लॉग होते आणि त्यावर त्यांनी स्वतः एक नियम लिहून ठेवला होता. ज्या संस्थांनी ती महागडी योजना घेतली नव्हती, त्यांना दिसलंच नसतं. एकट्या परराष्ट्र खात्याच्या सुमारे ६०,००० मेल गेल्या होत्या. टीका झाल्यावर मायक्रोसॉफ्टने ते लॉग जादा पैसे न घेता द्यायचं ठरवलं. घुसखोर आत शिरले ते मायक्रोसॉफ्टचीच डिजिटल सही करणारी गुप्त किल्ली वापरून. ती त्यांच्या हाती नेमकी कशी लागली, हे २०२४ च्या सरकारी चौकशी अहवालापर्यंत मायक्रोसॉफ्टलाही सांगता आलेलं नव्हतं.

निळीशाईंचा तिसरा रकाना एवढ्या मोठ्या कंपनीकडेही निघाला.

निळीशाई

आमच्या छोट्या संस्थेला तेव्हा फार अपराधी वाटायचं. हे वाचून जरा बरं वाटलं आणि जरा भीतीही.

अक्षरवेल

छोट्या कंपनीचं एक राहिलं. ऑस्ट्रेलियाची कोडान, धातुशोधक यंत्रं बनवणारी. २०११ मध्ये एका कर्मचाऱ्याचा लॅपटॉप चीनच्या दौऱ्यात हॉटेलच्या वायफायवरून फोडला गेला आणि डिझाइन गेलं. मग आफ्रिकेतल्या सोनं शोधणाऱ्यांच्या बाजारात हुबेहूब नकली यंत्रं यायला लागली. कंपनीला आपल्या यंत्रांच्या किमती पाडाव्या लागल्या, नफा कोसळला. चौकस, इथे यंत्रं आणि कारागीर मिळाले बरं का.

चौकस

वाचलं. धातुशोधक आणि जेट इंजिन यात तेवढा फरक असणारच. पण हे कवडसाताईंच्या कंपनीच्या आकाराला जवळचं उदाहरण आहे, बैठकीत हेच सांगा.

कवडसा

सगळ्यांचे मनापासून आभार. बैठक झाली, म्हणून परत येऊन लिहिते.

एकूण जगाचा आकडा दाखवलाच नाही. आधी सोलरवर्ल्ड, अमेरिकन सुपरकंडक्टर आणि कोडान यांच्या गोष्टी सांगितल्या. मग प्रत्येक संचालकांना एक कोरा कागद दिला आणि विचारलं, "आपल्या सर्वांत मोठ्या स्पर्धकाला आपल्याकडची कोणतीही एक फाइल वाचायला मिळणार असेल, तर कोणती मिळू नये असं तुम्हाला वाटतं?" मला वाटलं होतं ड्रॉइंग येतील. आली दरांची गणितं, पुरवठादारांबरोबरचे करार आणि भट्टीच्या तापमानाची सेटिंग. प्रश्न विचारणाऱ्या त्या संचालकांनी तर दरांच्या फाइलपुढे रक्कमही लिहिली, मी न मागता. ती इथे सांगता येणार नाही, पण माझ्या बजेटपेक्षा बरीच मोठी होती.

त्यानंतर विचारलं, "ही फाइल मागच्या वर्षभरात कोणी कोणी उघडली हे आज आपल्याला सांगता येईल का?" उत्तर "नाही" असं होतं. निळीशाईताई, तुमचा तक्ता तुमचं नाव न घेता सांगितला.

लॉग वर्षभर जपायला मंजुरी मिळाली. त्या ठरावीक फायलींसाठी वेगळी जागा आणि वेगळी परवानगी, यालाही मिळाली. पुरवठादारांच्या तपासणीला मात्र नाही म्हणाले, संबंध बिघडतील असं त्यांचं म्हणणं. तिथे मी हरले.

निळीशाई

नाव न घेतल्याबद्दल धन्यवाद. तो तक्ता कोणाच्या तरी उपयोगी पडला याचं समाधान आहे.

टेहळणी

कवडसाताई, अभिनंदन. पुरवठादारांचा विषय सोडू नका, फक्त वेगळ्या बाजूने मांडा. 'क्लाउड हॉपर' या हेरगिरीच्या मोहिमेत चीनच्या एपीटी१० या हॅकर गटाने थेट कंपन्यांवर हल्ला केलाच नाही. त्यांची संगणकव्यवस्था सांभाळणाऱ्या सेवा कंपन्यांमध्ये ते शिरले आणि तिथून ग्राहकांकडे गेले. अमेरिकेने २०१८ मध्ये त्यातल्या दोघांवर आरोपपत्र ठेवलं. पुरवठादाराला तपासायचं नसेल, तर तुमच्या बाजूची दारं तपासा, त्यासाठी कोणाची परवानगी लागत नाही. देखभालीसाठी बाहेरून लॉगिन करणारी किती खाती आहेत, ती मागच्या महिन्यात कधी वापरली गेली, आणि वापरत नसताना बंद असतात का, एवढं बघा. आणि लॉग त्याच सर्व्हरवर ठेवू नका. आत शिरलेला माणूस पहिल्यांदा तेच पुसतो.

कवडसा

खात्यांची यादी काढायला आजच सांगितलं आहे. यंत्रांच्या देखभालीची काही खाती कोणाच्या नावावर आहेत हेच कोणाला माहीत नाही, असं पहिल्या तासाभरातच कळलं. पुढचं त्यासाठी नवीन धागा काढून विचारते.

चौकस

काढा. त्या धाग्यावर मी पहिल्यापासून तुमच्या बाजूने.